गाणाऱ्यापासून किती लांब?

चैतन्य ताम्हाणे यांचा 'द डिसायपल' हा मराठी चित्रपट ख्यालगायकीच्या शरद नावाच्या एका धडपडणाऱ्या विद्यार्थ्याची गोष्ट सांगतो. शरद झालेले आदित्य मोदक आणि त्याचे गुरुजी झालेले अरुण द्रविड हे दोघेही खरेखुरे गाणारे. संगीताची बाजू अनीश प्रधान यांनी सांभाळली. चित्रपटातल्या ज्या माईंचा व्याख्यानातला फक्त आवाज ऐकू येतो, तो आवाज सुमित्रा भावे यांचा. माणसं आपली, विषयही आपलाच. कॅमेरा मात्र ज्याच्या हवाली केला तो माणूस पोलंडचा, मिखाऊ सोबोचिन्स्की.

२०२० च्या सप्टेंबरात हा चित्रपट व्हेनिस महोत्सवाच्या मुख्य स्पर्धेत होता. २००१ च्या 'मान्सून वेडिंग'नंतर तिथवर पोचलेला हा पहिलाच भारतीय चित्रपट. उत्कृष्ट पटकथेचं पारितोषिक आणि समीक्षकांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेचा पुरस्कार घेऊन तो परतला, पुढच्या एप्रिलअखेर नेटफ्लिक्सवर आला आणि बीडमध्ये ज्याला पाहायचा होता त्याने तो मोबाइलवर पाहिला. बऱ्याच जणांनी अर्ध्यातच सोडला, हेही खरं. "कॅमेरा हलतच नाही," ही त्यांची तक्रार. ती अर्धीच बरोबर आहे. कॅमेरा हलतो, पण कधी आणि किती हलायचं हे कुणीतरी फार विचार करून ठरवलेलं आहे. ते ठरवणं म्हणजेच छायालेखकाचं काम. ते नेमकं कसं चालतं, हे सोबोचिन्स्कीच्या निमित्ताने इथे सावकाश पाहू.

सोबोचिन्स्की हे आडनाव पोलंडच्या सिनेमात तीन पिढ्यांचं आहे. आजोबा विटोल्ड यांनी आंद्रेई वायदा यांचा 'द प्रॉमिस्ड लँड' (१९७५), वॉयचेख हास यांचा 'द अवरग्लास सॅनेटोरियम' (१९७३) आणि रोमान पोलान्स्की यांचा 'फ्रँटिक' (१९८८) चित्रित केला. तरुणपणी ते 'मेलोमानी' नावाच्या जॅझ बँडमध्ये ड्रम वाजवत. वूच शहरातल्या फिल्म स्कूलमध्ये शिकले आणि पुढे तिथेच त्यांनी शिकवलंही. वडील प्योत्र यांना क्येश्लोव्स्की यांच्या 'थ्री कलर्स: रेड' (१९९४) साठी ऑस्करचं नामांकन मिळालं. मग हॉलिवूडने त्यांना बोलावलं, 'रॅन्सम' (१९९६) त्यांनीच चित्रित केला. २००१ मध्ये व्हँकुव्हरला एका चित्रपटाचं काम चालू असतानाच ते गेले, वय फक्त त्रेचाळीस. मिखाऊचा भाऊही प्योत्रच, आणि तोही छायालेखक. ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेलेला 'कॉर्पस क्रिस्टी' (२०१९) त्याचा. मिखाऊने स्वतः पोलंडमध्ये 'द आर्ट ऑफ लव्हिंग' (२०१७) सारखे चित्रपट केले.

इथे 'घराणं' म्हणायचा मोह होतो, पण मला ते पटत नाही. घराण्यात आवाज लावण्याची रीत एक असते, ती दोन वाक्यांत ओळखू येते. या कुटुंबाच्या चित्रांत तसं काही सारखं नाही. वडिलांच्या 'रेड'ची सुरुवात आठवा: फोन लावला जातो आणि कॅमेरा टेलिफोनच्या तारेबरोबर सुसाट धावत समुद्राखालून पलीकडे जातो. मुलाच्या 'डिसायपल'मध्ये कॅमेरा गायकासमोर मांडी घालून बसल्यासारखा बसतो. गोष्ट जशी, तसा कॅमेरा, एवढंच काय ते त्या घरात चालत आलेलं असावं.

आता कामाकडे वळू. आपल्याकडे लग्नाचा शूटिंगवाला एकटाच सगळं करतो. कॅमेरा त्याच्याच हातात, फोकस तोच धरतो, उजेड किती घ्यायचा ते तोच पाहतो, फार तर एखादा पोरगा लाइट धरून मागे उभा. चित्रपटात या प्रत्येक कामाला वेगळा माणूस असतो. छायालेखक, म्हणजे सेटवरच्या भाषेत डीओपी, कधी स्वतः कॅमेरा चालवतो, कधी ते काम ऑपरेटर करतो. फोकस पुलर हा फक्त फोकस सांभाळतो. नट उभा राहणार त्या जागेपर्यंत तो टेपने अंतर मोजतो, जमिनीवर खूण करतो आणि नट पुढे आला की त्या हिशेबाने भिंगाची कडी फिरवतो. हल्ली ती दुरून, वायरलेस फिरवता येते, पण अंदाज त्याचाच. उजेडाचा कारभार गॅफरकडे, त्याच्या हाताखाली लाइटमन. ट्रॉली आणि ट्रॅक सांभाळणारे आणखी वेगळे. एवढ्या माणसांचा हात एका चित्राला लागतो आणि तरी ते चित्र एकाच नजरेचं वाटावं लागतं.

ही नजर कॅमेरा लावल्यावर सुरू होत नाही. आधी पटकथा वाचायची, दिग्दर्शकाशी बोलायचं, मग जागा पाहायला जायचं. जागा पाहणं म्हणजे तिथला उजेड पाहणं. आपल्याच गावातलं उदाहरण घेऊ. बीडचं कंकालेश्वर मंदिर कुंडातल्या पाण्याच्या मधोमध, काळ्या दगडाचं. एप्रिलमध्ये दुपारी बारा वाजता तिथे कॅमेरा लावला तर काय होईल? सूर्य डोक्यावर, पाण्यावरून तिरीप डोळ्यांत येते आणि कोरीव काम छपराखालच्या सावलीत बुडालेलं. आपल्या डोळ्यांना हे सगळं एकाच वेळी दिसतं, कारण डोळा क्षणाक्षणाला जुळवून घेतो आणि उरलेलं मेंदू भरून काढतो. कॅमेऱ्याला ती सोय नाही.

कॅमेऱ्याची ताकद 'स्टॉप'मध्ये मोजतात. एक स्टॉप वाढला म्हणजे उजेड दुप्पट झाला. सिनेमाचा चांगला डिजिटल कॅमेरा साधारण चौदा स्टॉपचा फरक पेलतो. एकापासून सुरू करून चौदा वेळा दुप्पट करत गेलं की सोळा हजारांच्या वर आकडा जातो. म्हणजे चित्रातला सर्वांत काळा भाग आणि सर्वांत उजळ भाग यांत इतक्या पटींचा फरक असला तरी दोन्हीकडचा तपशील कसाबसा राहतो. लग्नाच्या शूटिंगचे कॅमेरे याहून बरेच कमी पेलतात. म्हणून दुपारच्या कंकालेश्वरात निवड करावीच लागते. कोरीव काम दिसू द्यायचं तर आभाळ आणि पाणी पांढरंफट्ट पडणार. आभाळ राखायचं तर मंदिर म्हणजे काळी आकृती. दोन्ही हवं असेल तर तिसरा मार्ग: दुपारी यायचंच नाही. थंडीतल्या सकाळी सूर्य खाली असताना यायचं, ऊन आडवं पडतं तेव्हा दगडावरचं कोरीव काम आपोआप उठून दिसतं. सौताड्याच्या दरीत याच्या उलट अडचण, तिथे ऊन खाली उतरायलाच उशीर होतो आणि लवकर निघूनही जातं. प्री-वेडिंगवाल्या पोरांना हे वेळापत्रक तोंडपाठ असतं. त्याला कुणी छायालेखन म्हणत नाही, पण ते तेच आहे.

जागा आणि वेळ ठरली की उजेडाला वळण लावायचं. बाहेर उन्हात आपल्याकडचं सर्वांत स्वस्त साधन म्हणजे थर्माकोलचा पांढरा पत्रा. तो चेहऱ्यासमोर तिरका धरला की उन्हाचा उजेड त्यावर आपटून डोळ्यांखालच्या सावलीत जातो. मोठमोठ्या चित्रपटांच्या सेटवरही तो असतो. त्याहून कमी माहीत असलेली युक्ती उलटी आहे: उजेड काढून घेणं. खोलीत खिडकीतून ऊन येतंय, पण समोरची पांढरी भिंत ते परत फेकते आणि चेहरा सगळीकडून सारखा उजळतो. मग त्या भिंतीवर काळं कापड टांगायचं. चेहऱ्याची एक बाजू गडद झाली की तो पुन्हा गोल, भरीव दिसायला लागतो. नवखा शूटिंगवाला लाइट वाढवत जातो. मुरलेला माणूस आधी नको असलेला उजेड बाहेर काढतो.

दिव्याच्या अंतराचा नियमही इथेच सांगून टाकतो. दिव्यापासून अंतर दुप्पट झालं की उजेड चौथा हिस्सा होतो, निम्मा नाही. मंगल कार्यालयात कॅमेऱ्यावरच बसवलेला लाइट चालू केला की पुढे बसलेल्या मावशींचा चेहरा भाजून निघतो आणि मागच्या रांगेतले मामा अंधारात जातात, ते यामुळे. लाइट लांब आणि उंच लावला तर पहिल्या आणि पाचव्या रांगेच्या अंतरातला फरक प्रमाणाने कमी पडतो आणि उजेड सारखा पसरतो.

मंगल कार्यालयाचा विषय निघालाच आहे तर दुसरी एक गोष्ट. व्हिडिओत कधी कधी भिंतीवरून काळपट पट्टे वरखाली सरकताना दिसतात, किंवा सगळं चित्र लुकलुकतं. कॅमेरा बिघडला असं लोक म्हणतात. कॅमेरा ठीक असतो. आपल्याकडची वीज सेकंदाला पन्नास वेळा उलटसुलट होते, त्यामुळे ट्यूबलाइट आणि हलके एलईडी सेकंदाला शंभर वेळा तेज-मंद होतात. डोळ्याला ते कळत नाही. कॅमेरा मात्र प्रत्येक चित्रासाठी ठरावीक वेळच उघडा राहतो. ही वेळ सेकंदाचा पन्नासावा भाग असेल तर तेवढ्यात दिव्याची बरोबर दोन आवर्तनं पूर्ण होतात, शंभरावा भाग असेल तर एक. दर चित्राला सारखाच उजेड मिळतो आणि पट्टे दिसत नाहीत. पण कुणी सेटिंग साठाव्या किंवा एकशे पंचविसाव्या भागावर ठेवलं, की एका चित्राला जास्त उजेड, पुढच्याला कमी. सिनेमात सेकंदाला चोवीस चित्रं घेतात आणि प्रत्येकासाठी साधारण अठ्ठेचाळिसावा भाग कॅमेरा उघडा ठेवतात. पन्नास आवर्तनांच्या देशात काम करणारे तो पन्नासाव्या भागावर नेतात. पोलंडची वीजही पन्नासचीच आहे, त्यामुळे सोबोचिन्स्कीला हा हिशेब मुंबईत नव्याने शिकावा लागला नसणार. अमेरिकेतून आलेल्याला लागतो, तिथे साठ आहे.

एवढं झालं तरी मूळ प्रश्न राहतोच. कॅमेरा ठेवायचा कुठे?

बीड जिल्ह्यात या प्रश्नाचा सराव रोज होतो, आणि तो लग्नापेक्षा कीर्तनात जास्त. सप्ताहातलं कीर्तन आता सर्रास चित्रित होऊन यूट्यूबवर जातं. समोर कीर्तनकार, मागे पांढऱ्या कपड्यांतल्या टाळकऱ्यांच्या रांगा, बाजूला मृदंग, वीणेकरी. एक कॅमेरा महाराजांच्या चेहऱ्यावर, एक बाजूने, एक गर्दीवर, आणि दर पाच-सात सेकंदांनी दृश्य बदलतं. विनोद झाला की हसणाऱ्या बायका, अभंग सुरू झाला की टाळ. एकही क्षण रिकामा जात नाही, आणि म्हणूनच प्रत्यक्ष मंडपात बसल्यावर जे कळतं ते पडद्यावर कळत नाही. महाराज चालीवर येताना मृदंगवाला मान वर करून त्यांच्याकडे बघतो, मागचा टाळकरी पाय बदलतो आणि मग सगळे एकदम उचलतात. हे तीनही एकाच चौकटीत, एकाच वेळी दिसलं तरच त्याला अर्थ आहे. तुकडे केले की ती नुसती तीन माणसं.

'डिसायपल'मधल्या मैफली नेमक्या याच्या उलट बाजूने चित्रित केल्या आहेत. गायक, तबलेवाला, पेटीवाला, मागे तंबोरा घेतलेला शिष्य, सगळे एका रुंद चौकटीत. दृश्य तुटत नाही. सुरुवातीच्या मैफलीत गुरुजी गातात, शरद तंबोऱ्यावर मागे बसलेला, आणि कॅमेरा इतका सावकाश पुढे सरकतो की तो सरकतोय हे लक्षात येईपर्यंत आपण शरदच्या चेहऱ्यापाशी पोचलेले असतो. गाणारे गुरुजी, पण गोष्ट ऐकणाऱ्याची आहे, हे संवादाशिवाय कळतं.

असं चित्रण दिसायला सोपं आणि करायला अवघड. पहिली अडचण नटाची. बहुतेक चित्रपटांत गाण्याचा अभिनय करणाऱ्याला गाता येत नसतं, म्हणून कॅमेरा हातावर, तंबोऱ्यावर, श्रोत्यांवर पळतो. चूक झाकायला कट लागतो. इथे मोदक आणि द्रविड खरेच गाणारे (द्रविड तर किशोरी आमोणकरांचे शिष्य), त्यामुळे झाकायचं काही नव्हतं. तानेला गळ्याची शीर कुठे फुगते, हात कुठे उठतो, सगळं खरं. दुसरी अडचण उजेडाची. कॅमेरा जवळ असला तर दिवा चौकटीच्या अगदी कडेला ठेवता येतो. चौकट रुंद झाली की दिवे लपवायला जागाच उरत नाही. मग जो उजेड त्या सभागृहात मुळात असू शकतो, त्याच्याच आडोशाने आपला उजेड आणावा लागतो. तिसरी अडचण पुढे सरकण्याची. रुळांवरून ट्रॉली ढकलणाऱ्या माणसाला काही मिनिटं एकाच गतीने, श्वास रोखल्यासारखं ढकलावं लागतं. मधे हिसका बसला की पूर्ण टेक गेला, पुन्हा गाणं पहिल्यापासून.

ट्रॉलीने जवळ जाणं आणि झूमने जवळ जाणं यातला फरकही नीट पाहण्यासारखा आहे. झूममध्ये भिंग फिरतं, कॅमेरा जागेवरच असतो. चित्र नुसतं मोठं होतं, मागची भिंत आणि पुढचा माणूस एकाच प्रमाणात. ट्रॉलीने कॅमेरा खरोखर पुढे जातो, तेव्हा जवळच्या वस्तू झपाट्याने मोठ्या होतात आणि लांबच्या हळू. आपण उठून पुढच्या रांगेत गेल्यासारखं वाटतं.

ताम्हाणे यांच्या आधीच्या 'कोर्ट' (२०१४) मध्ये मृणाल देसाई यांनी कॅमेरा जवळपास हलवलाच नव्हता. न्यायालयातला माणूस जसा बाकावर बसून राहतो तसा तो. म्हणजे लांबून, शांतपणे पाहायची सवय दिग्दर्शकाची आधीपासूनच होती. मग पोलंडहून आलेल्या माणसाने भर कशाची घातली? मला वाटतं, त्या संथ सरकण्याची. 'कोर्ट'चा कॅमेरा साक्षीदार आहे, त्याला कुणाबद्दल काही वाटत नाही. 'डिसायपल'चा कॅमेरा शरदकडे ओढला जातो, पण पूर्ण पोचत नाही. भाषा न येणाऱ्या माणसाला गाण्यात शब्दांऐवजी बैठक, श्वास, मान आणि डोळेच दिसणार. या गोष्टीला त्याचा फायदाच झाला असावा.

परदेशी छायालेखक ही आपल्याकडे नवलाई नाहीच. बॉम्बे टॉकीजचा जर्मन कॅमेरामन जोसेफ व्हिर्शिंग याने 'अछूत कन्या' (१९३६) केला, 'महल' (१९४९) केला आणि 'पाकीजा'चंही बरंच काम केलं. मराठीत 'शाळा' (२०११) डिएगो रोमेरो यांनी चित्रित केला.

'डिसायपल'मधली सर्वांत आठवणारी दृश्यं रात्रीची आहेत. शरद मोकळ्या रस्त्यावरून मोटारसायकल चालवतोय, कानात माईंचं व्याख्यान, मागे तंबोरा, आणि सगळं संथ गतीत. पडद्यावर गती मंद दिसायला चित्रण करताना ती वाढवावी लागते. सेकंदाला चोवीसऐवजी अठ्ठेचाळीस चित्रं घेतली आणि चोवीसच्याच वेगाने दाखवली की हालचाल निम्म्या वेगाने होते. पण दर सेकंदाला दुप्पट चित्रं घ्यायची तर एकेका चित्राला वेळ निम्माच, म्हणजे उजेडही निम्मा. शहाण्णव घेतली तर चौथा हिस्सा. दिवसा याचं काही वाटत नाही, रात्री उजेड आधीच तुटपुंजा. भिंगाचं तोंड जास्त उघडून तो भरून काढता येतो, पण तोंड उघडलं की फोकसची पट्टी अरुंद होते. चालत्या मोटारसायकलवरचा चेहरा त्या पट्टीत धरून ठेवायचं काम फोकस पुलरच्या गळ्यात. त्यात रस्त्यावरचे दिवे मघाच्या हिशेबाने सेकंदाला शंभर वेळा लुकलुकणारे. नेहमीच्या रीतीने शहाण्णवला चित्रण केलं तर कॅमेरा एकशे ब्याण्णवाव्या भागापुरताच उघडतो, त्यात दिव्याचं एक आवर्तनही पुरं होत नाही, आणि रस्ता लुकलुकायला लागतो. तो शंभराव्या भागाइतका उघडा ठेवला तर निभतं. ही दृश्यं पाहताना आपल्याला शांत वाटतं, त्यामागे असले हिशेब असतात.

उजेडाच्या रंगाचा हिशेब याच दृश्यांत. मेणबत्ती ते आभाळ अशी उजेडाची मोजपट्टी केल्व्हिनमध्ये असते: मेणबत्ती साधारण १९००, जुना पिवळा सोडियम दिवा त्याच्या आसपास, स्टुडिओचा टंगस्टन दिवा ३२००, दुपारचं ऊन ५६००. आकडा वाढेल तसा उजेड निळा. गोष्ट २००६ च्या सुमारास सुरू होते आणि पुढे दहा-बारा वर्षं चालते. त्या काळात रस्त्यावरच्या पिवळ्या दिव्यांची जागा पांढऱ्या एलईडीने घ्यायला सुरुवात केली. बीडमध्येही आपण ते पाहिलं. जुनी रात्र चित्रित करायची तर असा बदललेला रस्ता टाळावा लागतो, नाहीतर दिवे झाकावे लागतात. मोदकांनी उत्तरार्धासाठी वजन वाढवलं, हे सगळ्यांच्या नजरेत भरतं. दिव्यांचा रंग कुणाच्या नजरेत भरत नाही, पण काळ त्यानेही कळतो.

टीव्हीचं गणित वेगळं आहे. रोजच्या मराठी मालिकेला दिवसाला एका भागाच्या आसपास मजकूर लागतो. तीन कॅमेरे एकाच वेळी चालतात, एकावर नायिका, दुसऱ्यावर सासू, तिसऱ्यावर दोघी. तीनही बाजूंनी चेहरा चांगला दिसावा म्हणून उजेड सगळीकडे सारखा टाकतात, कारण दर वेळी दिवे हलवायला वेळ नसतो. दिवाणखान्यात सावली दिसत नाही ती यामुळे, कॅमेरामनला येत नाही म्हणून नव्हे. 'डिसायपल'मध्ये याचा उपयोग फार धूर्तपणे केला आहे. शरद टीव्हीवर गाण्याच्या स्पर्धेतली एक साधी मुलगी पाहतो, आणि पुढे तिचं काय होत जातं तेही पाहतो. ती दृश्यं टीव्हीच्याच उजेडात आहेत: मागून झगमगते दिवे, गर्दीवरून झेपावणारा जिबवरचा (लांब दांडीवरचा) कॅमेरा, परीक्षकांच्या चेहऱ्यावर पळणारे कट. एकाच चित्रपटात दोन प्रकारचं छायालेखन, आणि दोन्ही एकमेकांवर भाष्य करतात.

टीव्ही म्हणजे सपाट, असं मात्र कुणी समजू नये. क्येश्लोव्स्कींची 'डेकालॉग' पोलिश टीव्हीसाठीच केलेली, तास-तासाचे दहा भाग, एकाच गृहसंकुलातल्या गोष्टी. त्यांनी दहा भागांना नऊ वेगवेगळे छायालेखक घेतले. तिसरा आणि नववा भाग मिखाऊचे वडील प्योत्र यांचा, पाचवा हिरवट फिल्टर वापरून आजारी रंगाची वॉर्सा दाखवणाऱ्या स्वावोमिर इजाक यांचा. इमारत तीच, आणि दर भागात वेगळी भासते. तिथे दिवे हलवायला वेळ दिला होता, एवढाच फरक.

चित्रण संपल्यावर रंगकाम होतं, म्हणजे ग्रेडिंग. कॅमेऱ्यातून आलेलं मूळ चित्र फिकट, राखाडी असतं, कारण तपशील वाचवायला ते मुद्दाम तसं ठेवतात. रंगकर्मी आणि छायालेखक अंधाऱ्या खोलीत बसून सकाळचा आणि दुपारचा शॉट जुळवतात, त्वचेचा रंग सांभाळतात. त्यावर विसंबून सेटवर ढिलाई करणारे बरेच. पण पांढरंफट्ट पडलेलं आभाळ कुठल्याही खोलीत परत येत नाही, तिथे मुळात काही नोंदलेलंच नसतं.

या धंद्यात शिरायचं कसं? पोलंडमध्ये वूचची शाळा १९४८ पासून आहे. वायदा, पोलान्स्की, क्येश्लोव्स्की तिथलेच, आणि दिग्दर्शक-छायालेखक एकाच छपराखाली शिकून एकमेकांचे विद्यार्थी-चित्रपट करतात, म्हणून जोड्या तिथेच जमतात. छायालेखकांचा म्हणून 'कॅमेरइमेज' हा खास महोत्सव पोलंडमध्येच १९९३ साली तोरुन शहरात सुरू झाला, तिथलं मुख्य बक्षीस 'सुवर्ण बेडूक'. आपल्याकडे पुण्याची एफटीआयआय १९६० ची, प्रभात स्टुडिओच्या जागेवर, छायालेखनाचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा. अविनाश अरुण तिथून बाहेर पडले, 'मसान' आणि 'दृश्यम' (दोन्ही २०१५) चित्रित केले, त्याआधी 'किल्ला' स्वतःच दिग्दर्शित आणि चित्रितही केला, आणि 'पाताल लोक' (२०२०) प्रोसित रॉय यांच्यासोबत दिग्दर्शित केली. संजय जाधव 'डोंबिवली फास्ट'च्या कॅमेऱ्यामागून 'दुनियादारी'च्या दिग्दर्शनाकडे गेले. शाळेत न जाता कॅमेरा अटेंडंटपासून वर चढलेलेही पुष्कळ आहेत, फक्त त्या वाटेने वर्षं जास्त लागतात.

आणि ज्याच्याकडे आत्ता फक्त कीर्तनाच्या शूटिंगचा कॅमेरा आहे, त्याला सुरुवात करायला तेवढाही पुरतो. नेहमीचे तीन कॅमेरे लावावेत, पैसे त्याचेच मिळतात. चौथा एखादा मोबाइल किंवा जुना कॅमेरा तिकाटण्यावर, खाली बसलेल्या श्रोत्याच्या डोळ्यांच्या उंचीवर ठेवावा. चौकटीत कीर्तनकार, मृदंग आणि निदान चार टाळकरी येतील इतक्या अंतरावर. शटर पन्नासाव्या भागावर, पांढरे फेटे आणि सदरे भाजणार नाहीत इतका उजेड कमी, फोकस एकदा लावून बंद. मग दोन तास त्याला हात लावायचा नाही. घरी येऊन ते सलग पाहावं आणि ज्या क्षणी आपल्याला जवळ जावंसं वाटलं ती वेळ कागदावर लिहावी. पुढच्या सप्ताहात ट्रॉली मिळाली नाही तर निदान तिकाटणं तेवढ्याच वेळी, तेवढंच पुढे सरकवून पाहता येईल.